रामटेकचा कालिदास आणि अभिनय न करणारा नट
(रेडिओवरील भाषणाचं संपादित रूप)

आषाढ लागला, की आपल्या नागपूरकरांना रामटेक आठवतं. गडावर ढग उतरले की नाही, याची चौकशी सुरू होते. शाळेत ज्याला संस्कृतमध्ये जेमतेम पस्तीस मार्क पडले तोही त्या दिवशी मेघदूताबद्दल दोन शब्द बोलून घेतो. महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी रामगिरी म्हणजे आपलं रामटेकच, असं सप्रमाण मांडलं आणि तेव्हापासून कालिदास हा जणू आपल्या जिल्ह्यातलाच माणूस झाला. सरगुजाकडची मंडळी त्यांच्या रामगढावर हक्क सांगतात. सांगू देत बिचारे. संस्कृत विद्यापीठ मात्र १९९७ साली रामटेकलाच झालं.

आज मी ज्या कालिदासाबद्दल बोलणार आहे तो रामटेकचा नाही. तो १९७१ सालचा आहे, पडद्यावरचा आहे, कृष्णधवल आहे आणि मराठी आहे. चित्रपट हिंदी, ‘आषाढ़ का एक दिन’. दिग्दर्शक मणि कौल. मूळ नाटक मोहन राकेश यांचं, १९५८ सालचं. कालिदासाची भूमिका केली अरुण खोपकर यांनी, मल्लिकेची रेखा सबनीस यांनी. म्हणजे हिंदीतल्या सर्वांत अवघड चित्रपटांपैकी एकात नायक आणि नायिका दोघंही मराठी. ही गोष्ट आपल्या कोणत्याही प्रश्नमंजूषेत कधी विचारली जात नाही. व्ही. शांतारामांची नायिका कोण, हे लहान पोरही सांगतं. रेखा सबनीस कोण, हे विचारलं तर समोरचा माणूस आपल्याकडे पाहत राहतो.

मी हा चित्रपट पहिल्यांदा पाहिला तो धंतोलीतल्या एका भाड्याच्या सभागृहात. साल १९८० च्या पुढेमागे असेल. फिल्म सोसायटीचा खेळ होता. लोखंडी घडीच्या खुर्च्या, सोळा मिलिमीटरचं खडखडणारं प्रोजेक्टर, आणि भिंतीला टाचलेला पडदा. बाहेर खराखुरा पाऊस पडत होता, त्यामुळे पडद्यावरचा कोणता आणि पत्र्यावरचा कोणता हे कळेना. वीस मिनिटं झाली. पडद्यावर डोंगरातली एक झोपडी, एक मुलगी, तिची आई. मुलगी हळू आवाजात बोलते, आई त्याहून हळू. मागच्या रांगेतून आवाज आला, “काऊन बे, हा पिक्चर सुरू होऊन राहिला का संपून राहिला?” सभागृहात हशा पिकला. अर्धी मंडळी मध्यंतराआधीच छत्र्या शोधायला लागली. खरं सांगायचं तर मीही त्यांच्यात होतो, पण माझ्याकडे छत्री नव्हती म्हणून थांबलो.

थांबलो ते बरं झालं. आमच्या शेजारी एक निवृत्त संस्कृत शिक्षक बसले होते. खेळ संपल्यावर ते एवढंच म्हणाले, “हा कालिदास बरोबर आहे. अपराधी माणूस डोळ्याला डोळा देत नाही.” मी तो सगळा वेळ, हा नट काहीच का करत नाही, म्हणून वैतागलो होतो. मास्तरांना मात्र तो काहीतरी करताना दिसला होता. तेव्हापासून हा प्रश्न माझ्या डोक्यात आहे: अभिनय करू नको, असं ज्या नटाला सांगितलं जातं, तो पडद्यावर नेमकं काय करतो? आणि अशा नटाचं पुढे काय होतं?

याचं मूळ शोधायला थोडं फ्रान्सला जाऊन यावं लागतं. रॉबेर ब्रेसाँ नावाचे एक दिग्दर्शक तिथे होऊन गेले. जन्म १९०१, मृत्यू १९९९, आणि एवढ्या दीर्घ आयुष्यात पूर्ण लांबीचे चित्रपट फक्त तेरा. त्यांना नाटकातला नट चित्रपटात चालत नसे. ते म्हणत, नट भाव ‘दाखवतो’, आणि दाखवलेला भाव कॅमेऱ्याला खोटा दिसतो. म्हणून ते बिगरनट घ्यायचे आणि त्यांना नट न म्हणता ‘मॉडेल’ म्हणायचे. एकच वाक्य, एकच हालचाल इतक्या वेळा करून घ्यायचे, की त्या माणसाचा ‘मी आता काहीतरी करून दाखवतो’ हा आविर्भावच गळून पडावा. उरेल ती नुसती कृती. दार उघडणं. चमचा घासणं. मान वळवणं.

१९५६ साली त्यांनी एका कैद्याच्या पलायनावर चित्रपट केला. जर्मनांच्या ताब्यातल्या ल्यों शहरातला तुरुंग, आणि त्यातून निसटणारा फ्रेंच लेफ्टनंट. ही हकिकत खरी घडलेली. या लेफ्टनंटच्या भूमिकेसाठी त्यांनी फ्रांस्वा लेतेरिए नावाचा तत्त्वज्ञान शिकणारा तरुण निवडला. त्याने कधी अभिनय केलेला नव्हता. सबंध चित्रपटभर हा मुलगा चमच्याने लाकडी दाराच्या फळ्या खरवडतो, दोर वळतो, कान देऊन ऐकतो. चेहऱ्यावर भीती नाही, धैर्य नाही. तरीसुद्धा प्रेक्षक खुर्चीची कड धरून बसतो. १९५७ च्या कान महोत्सवात ब्रेसाँना दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं. लेतेरिए पुढे नट झाला नाही, दिग्दर्शक झाला. १९६१ मध्ये सिमोन सिन्योरे हिला घेऊन त्याने पहिला चित्रपट केला. नंतर पोटापाण्यासाठी ‘इमॅन्युएल’ मालिकेतलाही एक केला, त्याबद्दल आपण आज बोलायला नको. त्याचा मुलगा लुई लेतेरिए. ‘फास्ट अँड फ्युरिअस’ मालिकेतला २०२३ चा चित्रपट त्याने दिग्दर्शित केला. बापाने चमच्याने दार खरवडलं, मुलाने गाड्या उडवल्या. काळाचा महिमा.

ब्रेसाँची ही हवा भारतात आली ती पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेल्या दोन तरुणांमुळे. कुमार शहानी आणि मणि कौल. दोघेही ऋत्विक घटकांचे विद्यार्थी. शहानी तर पॅरिसला गेले आणि ब्रेसाँच्या १९६९ च्या चित्रपटावर सहाय्यक म्हणून राहिले. मणि कौल यांनी त्याच सुमाराला मोहन राकेश यांच्याच कथेवर ‘उसकी रोटी’ केला. पंजाबातल्या हमरस्त्यावर एक बाई बसड्रायव्हर नवऱ्याची भाकर घेऊन उभी असते. बस येते, जाते. एवढीच गोष्ट. पैसे फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनचे, म्हणजे सरकारचे. त्यामुळे आरडाओरडाही झाला, की जनतेचा पैसा असल्या चित्रपटांवर का उधळायचा. खुद्द सत्यजित राय यांनी या मंडळींच्या चित्रपटांवर कठोर लिहिलं. ‘अवर फिल्म्स, देअर फिल्म्स’ या १९७६ च्या पुस्तकात ते वाचायला मिळतं. राय यांच्यासारख्या माणसाला जे पटलं नाही ते आमच्या धंतोलीतल्या मागच्या रांगेला पटलं नाही, तर तिला दोष कसा द्यायचा?

आता आषाढाकडे येऊ.

नाटकाची गोष्ट थोडक्यात अशी. डोंगरातल्या एका खेड्यात कालिदास नावाचा कवी आणि मल्लिका नावाची मुलगी. उज्जयिनीहून राजाचं बोलावणं येतं. त्याला जायचं नसतं, मल्लिकाच त्याला जायला लावते. तो जातो, मोठा होतो, राजकन्येशी लग्न करतो. मधे एकदा गावावरून जातो, पण मल्लिकेच्या दारात येत नाही. त्याची बायको येते, आणि झोपडीची डागडुजी करून देऊ का, असं विचारते. शेवटी सगळं सोडून तो परत येतो, तेव्हा मल्लिका दुसऱ्याच माणसाबरोबर राहत असते, पाळण्यात मूल असतं. जो माणूस तिला नको होता तोच, विलोम. मल्लिकेने कालिदासासाठी कोऱ्या पानांची एक वही स्वतः शिवून ठेवलेली असते, त्यावर त्याने आपलं महाकाव्य लिहावं म्हणून. ती पानं आसवांनी आणि हाताळून हाताळून अशी झालेली असतात, की कालिदास म्हणतो, ही कोरी राहिलीच कुठे. आणि तो पुन्हा निघून जातो.

विचार करा, हे नाटक आपल्या रंगभूमीवर कोणा भारदस्त नटाने केलं तर शेवटचा प्रवेश कसा होईल. टाळ्या कुठे पडतील हे आत्ता सांगता येतं. मणि कौल यांनी या सगळ्या टाळ्यांच्या जागा उपटून टाकल्या. खोपकरांचा कालिदास पश्चात्तापाची वाक्यं बोलतो ती यादी वाचावी तशी सपाट. पुष्कळदा बोलणाऱ्याचा चेहरा आपल्याला दिसतच नाही. पाठ दिसते, खिडकी दिसते, खिडकीबाहेर धुकं दिसतं. के. के. महाजन यांचा कॅमेरा त्या झोपडीच्या लाकडावर, कपड्याच्या घडीवर असा काही रेंगाळतो, की वाटावं, ऐकणारे आपण आणि ही भिंत, दोघंच.

सुरुवातीला याचा राग येतो. मला आला होता. पण मग हळूहळू एक गोष्ट होते. नट भाव पुरवत नाही म्हटल्यावर तो आपल्यालाच पुरवावा लागतो. ‘मी तुला विसरलो नव्हतो’, असं कुणी रडून सांगितलं तर आपण त्याला क्षमा करून मोकळे होतो. कोरड्या आवाजात सांगितलं, तर ते खरं की खोटं हे ठरवण्याचं काम आपल्यावर येतं. कालिदास हा नाटकभर स्वतःची बाजू मांडणारा माणूस आहे. त्याच्या बाजूला अश्रूंचा वकील दिला नाही, हा मणि कौल यांचा न्याय होता. आमच्या मास्तरांनी तेच एका वाक्यात सांगितलं होतं.

आणि मल्लिका. रेखा सबनीस मुंबईच्या प्रायोगिक रंगभूमीवरच्या अभिनेत्री, म्हणजे अभिनय येत असलेल्या. त्यांच्याकडून तो काढून घेणं हे बिगरनटाकडून काम करून घेण्यापेक्षा अवघड असलं पाहिजे. पोहता येणाऱ्याला हात न हलवता तरंगायला सांगावं तसं. पण त्यांची मल्लिका पाहताना जाणवतं, की त्यांनी शरीराने पुष्कळ काही धरून ठेवलंय. पहिल्या अंकात पावसात भिजून आलेली मुलगी ज्या सहजतेने बसते, ती सहजता शेवटच्या अंकात नाही. तीच झोपडी, तीच जागा, पण बसणं वेगळं. अंगात वर्षं शिरलीत. याला अभिनय म्हणायचं नाही, तर काय म्हणायचं? विलोमाची भूमिका ओम शिवपुरींची. दिल्लीच्या रंगभूमीवर तावूनसुलाखून निघालेला हा नट. त्यांच्या वाक्याला धार आपोआप येते, आणि मला तर वाटतं ती दिग्दर्शकाने मुद्दाम ठेवली असावी. कारण त्या झोपडीत खरं बोलण्याची हिंमत असलेला तो एकटाच आहे. हे माझं मत. जाणकारांनी रागावू नये.

मणि कौल पुढे झिया मोहिउद्दीन डागर यांच्याकडे ध्रुपद शिकले. १९८२ साली ‘ध्रुपद’ नावाचा चित्रपटही त्यांनी केला. मला वाटतं, त्यांच्या नटांकडे पाहायची किल्ली इथे आहे. आलापात गवय्या काही ‘सांगत’ नाही. शब्दच नसतात. एक सूर लावतो, त्याच्याजवळ थांबतो, किंचित हलतो. ज्याला गाण्याचा कान नाही तो म्हणतो, हा गायला कधी सुरुवात करणार? मागच्या रांगेचा प्रश्न नेमका हाच होता. आणि तो अडाणी प्रश्न नव्हता बरं का, त्या चित्रपटाने तो विचारावा अशीच सोय केली होती.

१९७३ मध्ये मणि कौल यांनी ‘दुविधा’ केला. विजयदान देथा यांची राजस्थानी लोककथा, चित्रीकरण देथांच्या बोरुंदा गावातच. व्यापारी नवरा परदेशी जातो आणि भूत त्याचं रूप घेऊन बायकोजवळ राहतं. ही गोष्ट आपल्या ओळखीची वाटेल, कारण २००५ साली अमोल पालेकरांनी तिच्यावरून ‘पहेली’ केला. शाहरुख खान, राणी मुखर्जी, रंगीबेरंगी पागोटी. ‘दुविधा’तली नवरी मात्र रायसा पदमसी. प्रसिद्ध चित्रकार अकबर पदमसी यांची मुलगी, आई फ्रेंच. अकबर पदमसींनीच चित्रपटाला पैशांची मदत केली होती. म्हणजे राजस्थानी घुंगटाआडचा तो चेहरा निम्मा फ्रेंच आहे. त्या मुलीला अभिनय करायला सांगितलाच नाही, नुसतं पाहायला सांगितलं. तिच्या त्या पाहण्यात परकेपण आहे, आणि नव्या नवरीच्या डोळ्यांत परक्या घरात गेल्यावर जे असतं तेही हेच. या चित्रपटाला दिग्दर्शनाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं. रायसा काही पडद्यावर राहिली नाही.

इथे माझ्या विषयातला बोचणारा भाग येतो. एका चित्रपटापुरते येतात आणि जातात, असे हे नट. असं का व्हावं?

फ्रान्समधलंच दुसरं उदाहरण पाहा. १९५९ साली त्रुफो यांनी ‘फोर हंड्रेड ब्लोज’ मध्ये चौदा वर्षांच्या एका खोडकर पोराला घेतलं. नाव ज्याँ-पिएर लेओ. शेवटी समुद्रापर्यंत पळत जाऊन तो कॅमेऱ्याकडे वळतो आणि चित्र गोठतं, ते दृश्य पुष्कळांनी पाहिलं असेल. त्रुफोंनी याच मुलाला घेऊन तीच व्यक्तिरेखा वीस वर्षं, १९७९ पर्यंत, पुढे चालवली. मधल्या काळात तो गोदारकडे होता, रिव्हेतकडे होता. सगळे धंदेवाईक चित्रपटाच्या बाहेरचे दिग्दर्शक. २००१ मध्ये तैवानच्या एका दिग्दर्शकाने त्याला छोट्या भूमिकेत आणलं. २०१६ मध्ये, सत्तरी ओलांडल्यावर, त्याने मरणशय्येवरचा चौदावा लुई केला, चित्रपटभर जवळजवळ पलंगावर पडून. त्याच वर्षी कानने त्याला मानाचं सुवर्णपर्ण दिलं. एक नट, साठ वर्षं, आणि सगळं आयुष्य प्रायोगिक चित्रपटात. त्याच्या सुखदुःखाचं मी काही सांगत नाही. पण काम होतं.

ते काम आकाशातून पडलं नव्हतं. फ्रान्सने १९४८ पासून सिनेमाच्या तिकिटावर एक कर लावून तो पैसा चित्रपटांसाठीच वळवला. १९५९ मध्ये नव्या, धाडसी चित्रपटांना संहितेच्या बळावर आगाऊ रक्कम द्यायची पद्धत सुरू केली. आणि मुख्य म्हणजे असे चित्रपट लावणारी छोटी थेटरं गावोगाव होती. अमिताभच्या तोडीच्या नटाचा चित्रपट पाहणारा माणूस तिकिटातून नकळत लेओच्या चित्रपटालाही चार आणे देत होता. आपल्याकडे १९६० मध्ये फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन निघालं, त्याने कर्ज दिलं. चित्रपट झाले. पण लावायचे कुठे? थेटरं नव्हती. चित्रपट डब्यात, कर्ज डोक्यावर. करमणूक कर आपणही भरत होतो, तो राज्याच्या तिजोरीत जात होता. १९८० मध्ये हे महामंडळ एनएफडीसीत विलीन झालं. दिग्दर्शकाला दहा वर्षांत दोन-तीन चित्रपट मिळणार, तिथे नटाने त्याच्या भरवशावर काय खावं? एम. के. रैना, ओम पुरी यांच्यासारख्यांनी रंगभूमी किंवा हिंदीचा मोठा पडदा धरला. बाकीचे आपापल्या वाटेने गेले.

अरुण खोपकर लेतेरिएच्या वाटेने गेले, कॅमेऱ्यामागे. पुण्याच्या इन्स्टिट्यूटमध्ये दिग्दर्शन शिकले. १९७४ मध्ये तिथल्या पदविकेसाठी ‘तीव्र मध्यम’ नावाची छोटी फिल्म केली, आणि तिच्यात एका नव्या मुलीला घेतलं. तिचं नाव स्मिता पाटील. बेनेगलांच्या आधी तिला कॅमेऱ्यासमोर उभं केलं ते पडद्यावरच्या या मुक्या कालिदासाने. पुढे खोपकरांनी चित्रकारांवर, नृत्यावर लघुपट केले. जहांगीर सबावाला यांच्यावरचा ‘कलर्स ऑफ ॲब्सेन्स’ १९९३ चा. गुरुदत्तवरचं त्यांचं मराठी पुस्तक १९८५ चं, त्याला सिनेमावरच्या सर्वोत्कृष्ट पुस्तकाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं. ‘चलत्-चित्रव्यूह’ला २०१५ चा साहित्य अकादमी पुरस्कार. आणि १९९६ मध्ये त्यांनी ‘कथा दोन गणपतरावांची’ हा चित्रपट केला. गोगोलची दोन भांडखोर शेजाऱ्यांची गोष्ट, मराठी वेशात. त्यात कोण? दिलीप प्रभावळकर आणि मोहन आगाशे. ज्याला अभिनय करू नको म्हणून सांगितलं होतं, त्याने मराठीतले दोन अट्टल नट समोरासमोर बसवले आणि त्यांना मनमुराद खेळू दिलं. मला यात एक मोठं खट्याळ हसू दिसतं.

मोहन आगाशे यांच्यावरून आठवलं. या प्रवाहाने मराठीतही एक चित्रपट केला होता, ‘घाशीराम कोतवाल’. १९७६ साली. मणि कौल, के. हरिहरन, कमल स्वरूप, सईद मिर्झा अशा तरुणांनी सहकारी तत्त्वावर. पटकथा खुद्द तेंडुलकरांची, संगीत भास्कर चंदावरकरांचं, नाना फडणवीस आगाशे, आणि घाशीराम ओम पुरी, हा पंजाबी माणूस. पुण्याच्या थिएटर अकॅडमीची मंडळी त्यात होती. नाटकावर केवढं रण माजलं ते सर्वांना माहीत आहे. चित्रपट मात्र कुणी पाहिला नाही. एवढंच नाही, तो जवळजवळ हरवलाच. त्याची एक प्रत बर्लिनमधल्या आर्सेनाल या संस्थेने सांभाळून ठेवली होती, तिच्यावरून त्यांनी तो पुन्हा उभा केला आणि २०१४ च्या बर्लिन महोत्सवात दाखवला. पेशव्यांच्या पुण्याचा चित्रपट पाहायला जर्मनीची वाट धरावी लागली. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय तर नाना फडणवीसांच्या वाड्यापासून हाकेच्या अंतरावर म्हणावं एवढ्यात आहे! नाटकातले आगाशे कसे होते हे सांगणारी माणसं अजून भेटतात. पण प्रयोगाची आठवण माणसाबरोबर जाते. फिल्म राहील, असं आपण समजतो. तीही प्रत कुणीतरी जपली तरच राहते.

आता शेवटी नागपूर. १९८० मध्ये मणि कौल यांनी ‘सतह से उठता आदमी’ केला, गजानन माधव मुक्तिबोध यांच्या लेखनावर. दुसऱ्या वर्षी तो कानला दाखवला गेला. मुक्तिबोध हिंदीचे थोर कवी, पण घरची भाषा मराठी. त्यांचे धाकटे बंधू शरच्चंद्र मुक्तिबोध तर मराठीतलेच कवी आणि नागपूरचेच प्राध्यापक. थोरल्यांनीही आपल्या शहरात जवळपास दहा वर्षं काढली. कधी सरकारी माहिती खात्यात, कधी ‘नया खून’ साप्ताहिकात, आणि मधे काही काळ नागपूर आकाशवाणीच्या वृत्त विभागात. १९५८ मध्ये ते राजनांदगावच्या कॉलेजात गेले आणि १९६४ मध्ये वारले. शेहेचाळीस वर्षांचं आयुष्य, त्यातली बरीच वर्षं उधारी आणि बिऱ्हाडं बदलण्यात.

या चित्रपटात प्रमुख भूमिकेत केरळचे गोपी आहेत. १९७७ च्या ‘कोडियेट्टम’मधल्या भूमिकेसाठी राष्ट्रीय पारितोषिक मिळवलेला हा नट. बाकी दोन मित्र म्हणजे एम. के. रैना आणि विभूती झा. तीन माणसं चालतात, बसतात, चहा पितात, मुक्तिबोधांचं गद्य बोलतात. गोपींना टक्कल, चेहरा कारकुनाचा. नायक म्हणून कुणी दुसऱ्यांदा पाहणार नाही असा. पण मला त्यांच्यात महालातल्या किंवा बर्डीच्या एखाद्या हॉटेलात कोपऱ्यातल्या टेबलावर एकच चहा तासभर पुरवणारा माणूस दिसतो. असे लोक मी लहानपणी पाहिलेत. घरी बायकोला काय सांगायचं याचा विचार करत असावेत. ते चेहऱ्यावर काहीच दाखवत नसत. दाखवून परवडत नसे.

माझ्या एका मित्राला मी मागे हा चित्रपट दाखवला. हा मित्र एका सरकारी कार्यालयात छत्तीस वर्षं नोकरी करून निवृत्त झालेला. पहिल्या अर्ध्या तासात त्याने दोनदा फोन पाहिला. मग फोन बाजूला ठेवला. चित्रपट संपल्यावर तो बराच वेळ गप्प होता. मला वाटलं, कंटाळला. मग म्हणाला, “तो टकल्या आहे ना, त्याचं नाव काय?”

मी सांगितलं, गोपी.

“लिहून दे,” तो म्हणाला, “नायतर विसरून जाईन.”

मी वर्तमानपत्राच्या कोपऱ्यावर लिहून दिलं. त्याने तो कोपरा फाडून शर्टाच्या खिशात ठेवला.